अर्थिंगची तार का काढलीस?

उभा राहा. आणि बाकीच्यांनीही हातातली कामं खाली ठेवा. हे एकट्या त्याच्यासाठी नाही.

वसतिगृहाच्या न्हाणीघरातला पंधरा लिटरचा गीझर तुझ्याकडे दिला होता. तक्रार एकच : चालू केला की आरसीसीबी पडतो. तू कॉइल बदललीस, ते बरोबर केलंस. जुनी कॉइल मी पाहिली. आवरणाला चीर गेली होती, आत पाणी शिरलं होतं. पण नवी बसवल्यावरही आरसीसीबी पडला, तेव्हा काय केलंस? हिरवी तार टर्मिनलवरून सोडवलीस, तिच्या टोकाला टेप गुंडाळलीस आणि झाकण लावून मोकळा झालास. आरसीसीबी पडायचा थांबला. जॉब कार्डावर लिहिलंस, 'दुरुस्त. चालू आहे.'

हे दुरुस्त नाही. दोष होता तिथेच आहे. दोष सांगणाऱ्याचं तोंड तेवढं तू बंद केलंस.

आरसीसीबी काय मोजतो, सांग. फेजमधून जितका करंट गेला तितकाच न्यूट्रलमधून परत आला का, एवढंच तो बघतो. कमी आला तर बाकीचा दुसऱ्या कुठल्या तरी वाटेने जमिनीत चाललाय. फरक तीस मिलिअँपिअरपर्यंत पोचायच्या आत तो लाइन तोडतो. तुझा दोन किलोवॉटचा गीझर जवळजवळ पावणेनऊ अँपिअर घेतो. त्याच्यापुढे तीस मिलिअँपिअर काहीच नाही, पण ओल्या अंगाच्या माणसाच्या जिवावर बेतायला तेवढा करंट पुरू शकतो.

गळणारी वीज आतापर्यंत हिरव्या तारेने जमिनीत जात होती. ती वाट तू तोडलीस. पाइप सीपीव्हीसीचे, त्यांच्यातून तिला सहज जाता येत नाही. मग ती टाकीच्या पत्र्यावर बसून राहणार, खालच्या स्टीलच्या जाळीच्या पाइपवर, अँगल कॉकवर बसून राहणार. सकाळी सहाला ओल्या फरशीवर अनवाणी उभा असलेला मुलगा कॉक फिरवायला हात लावेल आणि तुटलेली वाट त्याच्या अंगातून पूर्ण होईल. आरसीसीबी तेव्हा पडेलही, पण धक्का आधी त्याला बसलेला असेल. आणि ज्या घरात आरसीसीबीच नाही, तिथे लाइन तोडणार कोण? अशी घरं आपल्याकडे थोडी आहेत का?

खरा दोष शोधायला वेळही लागला नसता. मी चार नट सोडवले आणि दिसलं. गॅस्केट जुनंच आहे. कडक झालेलं, कडेला फाटलेलं. त्यातून पाणी झिरपून टर्मिनलवर उतरतंय. फ्लँज उघडला की गॅस्केट नवं घालायचं, हे पहिल्या वर्षाला शिकवलंय. नट एका बाजूने आवळत जायचे नाहीत, समोरासमोरचे थोडे थोडे आवळायचे, म्हणजे दाब सगळीकडे सारखा बसतो. तू एक बाजू पिळून काढलीस, दुसरी सैल ठेवलीस.

पुढे ऐक. कॉइल बसवण्याआधी मोजलीस का? वहीत एकही रीडिंग नाही. 230 व्होल्टवर दोन हजार वॉट, म्हणजे दोन पिनांमध्ये साडेसव्वीस ओमच्या आसपास यायला हवं. त्यानंतर पाचशे व्होल्टचा मेगर, एक टोक पिनेला, दुसरं आवरणाला. आतली तार आणि आवरण यांच्यामध्ये मॅग्नेशियम ऑक्साइडची पूड असते आणि ती हवेतली ओल ओढते. पावसाळाभर दुकानात पडून राहिलेली कोरी कॉइलसुद्धा वीज गळवू शकते. एक मेगाओमच्या खाली रीडिंग आलं तर ती कॉइल माझ्या वर्कशॉपमध्ये बसणार नाही. कोरड्या उबेत ठेवा, पुन्हा मोजा, नाही सुधारली तर परत करा.

आणि जुनी कॉइल का चिरली, हा प्रश्न तुला पडला नाही, याचं मला सगळ्यात वाईट वाटतं. वसतिगृहाला बोअरचं पाणी आहे. ते तापलं की क्षार कॉइलवर बसतात. थर जाड झाला की उष्णता पाण्यात उतरत नाही, आवरण अति तापतं आणि शेवटी फुटतं. टाकीच्या तळाशी अजून मूठभर क्षार पडलेत, ते तू काढले नाहीस. मॅग्नेशियमची कांडी झिजून आतली तार उघडी पडलीय, तीच परत लावलीस. टाकी गंजू नये म्हणून ती कांडी झिजते. ती संपली की गंज टाकीलाच धरतो. म्हणजे तुझी नवी कॉइलही जाणार आणि पाठोपाठ टाकीही.

झाकणाच्या आत काय केलंय ते वापरणाऱ्याला दिसत नाही. तो बटण दाबतो, लाल दिवा बघतो आणि आंघोळीला उभा राहतो. त्याचा सगळा भरवसा आपल्या हातावर आहे. म्हणून 'चालतंय' हे उत्तर मला चालत नाही. अर्थ सोडवलेला गीझरही पाणी तापवतो. कट-आउटला जंपर मारलेला गीझरही तापवतो, टाकी फुटेपर्यंत तापवतो. दोन वर्षांच्या या ट्रेडमध्ये तुला आणखी काही जमलं नाही तरी चालेल, पण पडलेला आरसीसीबी, उडालेला एमसीबी, तुटलेला कट-आउट दिसला की आधी तो का पडला ते शोधायचं. कारण सापडेपर्यंत हात मागे.

आता गीझर खाली उतरव. त्याआधी एमसीबी बंद कर आणि प्लगही काढ, नुसत्या स्विचवर विसंबू नकोस. फेज-न्यूट्रल उलटे असतील तर स्विच बंद असूनही कॉइलमध्ये वीज असते. पाणी सोड, क्षार काढ, कांडी आणि गॅस्केट नवं घाल. हिरवी तार सगळ्यांसमोर जोड आणि अर्थच्या पिनेपासून टाकीपर्यंत कंटिन्युइटी मोज. टाकी भर, गरम पाण्याच्या नळातून हवा जाऊन सलग धार आली की मगच वीज. तासभर चालू ठेवून फ्लँज हाताला कोरडा लागतो का बघ, पण हात लावण्याआधी प्लग काढ.

जॉब कार्डावरची ती ओळ खोड आणि चारही रीडिंग लिही : ओम, मेगाओम, कंटिन्युइटी, करंट. त्याशिवाय माझी सही मिळणार नाही. आणि वॉर्डनना मी फोन करणार नाही. गीझर आज का मिळत नाही, ते तू स्वतः जाऊन सांगायचंस, तार काढली होती हेही सांगायचंस. जा, लाग कामाला.