कुणाच्या हातचे पाणी?



आपल्या वालूरच्या बारवेच्या पायऱ्या गोल वळसा घेत पाण्यापर्यंत उतरतात. कित्येक वर्षे ती गाळात व झुडपांत हरवली होती. गावकऱ्यांनी श्रमदान करून ती मोकळी केली आणि २०२२ साली टपाल खात्याने तिचे चित्र पोस्टकार्डावर छापले.

गावाला ही रीत नवी नाही. आपल्या वाडवडिलांची 'सावड' होती : आज मी तुझ्या शेतात, उद्या तू माझ्या शेतात. 'इर्जिक' होती : ज्याचे काम अडले त्याच्या रानात सगळ्यांची औते जमत. मजुरी कुणी मागत नसे. शेतधनी सर्वांना जेवू घाली. दूर फिनलंडच्या खेड्यांतही ही रीत आहे. तिला 'तालकोत' म्हणतात. कापणी असो वा घराचे छप्पर, शेजारी येतात, काम करतात आणि जेवून जातात.

सावडीत हिशेब आहे, इर्जिकीत नाही. मग श्रेष्ठ कोणती? आपण चटकन म्हणू, बिनहिशेबी. परंतु हिशेब दोघांना बरोबरीचे ठरवतो. नुसते उपकार मात्र घेणाऱ्याला मिंधे करतात. आपल्या पूर्वजांना हे कळत असावे. म्हणून इर्जिकीला जेवण होते. अडलेल्याच्या घरचे अन्न खाऊन मदत करणाराही घेणारा होत असे.

पण त्या पंगतीत सारे एकत्र बसत होते काय? ज्यांच्या कष्टावर गाव चाले, त्यांचा पाणवठा वेगळा होता. त्यांचे श्रम चालत, त्यांच्या हातचे पाणी चालत नसे. २० मार्च १९२७ रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांना महाडच्या चवदार तळ्याचे पाणी पिण्यासाठी सत्याग्रह करावा लागला, तो या गावपणावरचाच ठपका आहे.

याकोबाच्या विहिरीवर प्रभूने शोमरोनी स्त्रीला काही देण्याआधी तिच्याकडे पाणी मागितले. यहुदी माणसाने शोमरोन्याकडे मागावे, याचे तिलाच नवल वाटले. देताना आपला हात वर राहतो, मागताना तो खाली येतो. म्हणून देणे सोपे आणि घेणे कठीण. ज्याला आपण मदत करतो पण ज्याच्याकडून काही घेत नाही, तो आपला शेजारी झालेला नसतो.

या आठवड्यात आपण कुणाला काय दिले, ते आपल्या लक्षात राहीलच. कुणाच्या घरचे पाणी पिण्याचे आपण टाळले, तेही एकदा आठवून पाहू या.