माजघरातील मराठी

तंजावरच्या बृहदीश्वर मंदिराच्या प्राकारात दुसऱ्या सरफोजीराजांनी १८०३ साली भोसले घराण्याचा वृत्तांत मराठीत कोरविला, आणि त्या दरबारच्या दफ्तरातील मोडी कागद सरस्वती महाल ग्रंथालयात आजही जतन केलेले आहेत; परंतु १८५५ साली राज्य खालसा झाल्यावर जी मराठी दरबारी उरली नाही, ती तेथील मराठी कुटुंबांच्या माजघरात मात्र तग धरून राहिली.

समजा, अशा दोन घराण्यांची एखाद्या लग्नमंडपात गाठ पडली आहे. केळीच्या पानावर भात वाढला जात असता दोघी विहिणी मोठ्या अदबीने तमिळ बोलतात, आणि त्यांतलीच एक मान वळवून, हट्टाला पेटलेल्या नातवाला हलक्या आवाजात मराठीत दटावते. 'या मंडळींना आपली बोली आता गावंढळ वाटत असेल' असे हिचे अनुमान. नेमके तेच दुसरीचेही. (तमिळविषयी तक्रार मुळीच नाही, तीही त्यांची स्वतःचीच भाषा आहे.)

मौन हे संमतीचे लक्षण मानण्याची आपली जुनी रीत येथे घात करते. अमेरिकेत कॅट्झ आणि ऑलपोर्ट या मानसशास्त्रज्ञांनी १९३१ साली विद्यार्थ्यांच्या मतांविषयी जो ग्रंथ प्रसिद्ध केला, त्यातही हीच गफलत आढळते: मनातून उदार असलेले तरुण, बाकीचे सारे अनुदार आहेत अशा समजुतीने, गप्प राहिले होते.

तेव्हा आपल्या मंडळींचे मत परस्पर ठरवून टाकण्यापूर्वी, निदान शेजारी बसलेल्या एकाला आज ते सरळ विचारावे, ही विनंती.