मृतांचे नाव आणि कथाकाराची लेखणी

थोर कलावंतांच्या जीवनावर चित्रपट लिहिणाऱ्याला कल्पनेचा आधार घ्यावाच लागतो. बंद दाराआडचे संवाद कोणी टिपून ठेवलेले नसतात. मात्र या स्वातंत्र्याला काही मर्यादा असावी काय, हा प्रश्न ‘अमेडिअस’ पाहिल्यानंतर मनाला सोडीत नाही.

१९८४ सालच्या या चित्रपटाची पटकथा पीटर शाफर यांनी आपल्याच १९७९ च्या नाटकावरून लिहिली. चित्रपटास आठ ऑस्कर पारितोषिके लाभली. त्यांतील एक पटकथेचे. व्हिएन्नाच्या दरबारातील संगीतकार सालिएरी ब्रह्मचर्य आणि परिश्रम देवाला वाहून प्रतिभेचे दान मागतो. ती मात्र उतरते उथळ, वाह्यात मोझार्टवर. तेव्हा सालिएरी देवाशीच वैर धरतो आणि मोझार्टच्या नाशाचा ध्यास घेतो. मत्सर माणसाला कसा पोखरतो, याचे इतके प्रत्ययकारी दर्शन क्वचितच घडते. द्राक्षमळ्यातील कामकऱ्यांचा दाखला ठाऊक असलेल्या आपणांस ही कुरकुर ओळखीची वाटते.

परंतु इतिहासातील सालिएरी निराळा आहे. तो विवाहित होता, आठ मुलांचा पिता होता. बेथोव्हेन, शूबर्ट आणि लिस्ट हे त्याचे शिष्य. दरबारी चढाओढ त्याच्यात आणि मोझार्टमध्ये होती खरी. पण १७९१ साली मोझार्ट निवर्तल्यावर त्याच्या मुलालाही सालिएरीने संगीत शिकविले. विषप्रयोगाची अफवा सालिएरीच्या हयातीतच उठली; १८३० साली पुश्किनने तिला नाट्यरूप दिले आणि शाफर यांनी तोच धागा पुढे नेला.

आपण इतिहास लिहीत आहोत, असा शाफर यांचा दावा नव्हता. तरीही प्रेक्षकांच्या मनात उरतो तो पडद्यावरचाच सालिएरी. खोट्या साक्षीला मनाई करणारी आठवी आज्ञा शेजारी मरण पावल्याने रद्द होत नाही. जिवंत माणूस निदान प्रतिवाद करू शकतो. मृताजवळ तेवढेही साधन नसते.

मग पापाची कथा सांगूच नये काय? अवश्य सांगावी. प्रभू येशूनेही अशा कथा सांगितल्या. पण त्याच्या दाखल्यांत निर्दय चाकराला नाव नाही, उधळ्या पुत्राला नाव नाही. श्रीमंत मनुष्य व लाजर यांच्या दाखल्यात नाव आहे ते दारी पडलेल्या दरिद्र्याचे. श्रीमंत निनावीच राहतो. म्हणूनच त्याच्या जागी प्रत्येकाला स्वतःला ठेवून पाहता येते. सालिएरीचे नाव घेतले की मत्सर हे त्याचे पाप ठरते आणि आपण सुटतो.

पटकथा लिहिणारे मोजकेच. दिवंगतांच्या कथा रंगवून सांगणारे मात्र घरोघरी आहेत. नाव घेऊन सांगायचे तर सत्य सांगावे. केवळ बोध द्यायचा असेल तर नाव गाळावे.