पायी सियोनकडे

1856 ते 1860 या काळात मुख्यतः ब्रिटन आणि स्कँडिनेव्हियातून आलेल्या सुमारे 3,000 मॉर्मन स्थलांतरितांनी आपला संसार दोन चाकांच्या हातगाड्यांवर लादला आणि त्या स्वतः ओढत अमेरिकेच्या मैदानी प्रदेशातून यूटामधील सॉल्ट लेक खोरे गाठले. ही श्रद्धेची शौर्यकथा म्हणून सांगितली जाते आणि त्यांचे शौर्य निर्विवाद आहे. परंतु या योजनेचा उगम जितका धर्मविचारात होता तितकाच पैशांच्या हिशेबातही होता, आणि हिशेबाला धर्माचे वजन मिळाल्यावर त्याच्याविषयी शंका घेणेच अवघड होऊन बसले.

जोसेफ स्मिथ यांनी 1830 मध्ये न्यूयॉर्क राज्यात स्थापन केलेल्या या पंथाची धारणा अशी होती की, युगान्त जवळ आला असल्याने श्रद्धावंतांनी पापमय जगातून बाहेर पडून सियोन, म्हणजे ईश्वराच्या प्रजेचे पवित्र नगर, उभारण्यासाठी एकत्र यावे. ओहायो, मिसूरी, इलिनॉय अशी ही नगरे क्रमाने वसली आणि स्थानिकांच्या वैरामुळे उठलीही. 1844 मध्ये जमावाने स्मिथ यांची हत्या केली आणि ब्रिगम यंग यांच्या नेतृत्वाखाली 1847 मध्ये अनुयायी सॉल्ट लेकच्या रुक्ष खोऱ्यात पोहोचले. दरम्यान, 1837 पासून इंग्लंडच्या गिरणगावांत धर्मप्रसार सुरू झाला होता आणि तेथे पंथात आलेल्या कामगारांच्या दृष्टीने धर्मांतर व स्थलांतर या जवळजवळ एकच गोष्टी होत्या. ज्यांच्याकडे प्रवासाचे पैसे नव्हते त्यांच्यासाठी 1849 मध्ये एक कायमस्वरूपी स्थलांतर निधी उभारण्यात आला; त्यातून मिळालेले कर्ज पोहोचल्यावर कष्ट करून फेडायचे आणि त्याच पैशांतून पुढच्यांनी यायचे, अशी त्याची रचना होती.

1855 मध्ये यूटात अवर्षण आणि टोळधाड आली, निधी आटला, आणि बैलगाड्यांचा खर्च परवडणार नाही म्हणून लोकांनी हातगाड्या घेऊन चालत यावे, असे यंग यांनी लिव्हरपूल येथील मिशनप्रमुख फ्रँकलिन रिचर्ड्स यांना कळवले. रेल्वे आयोवा सिटीपर्यंतच होती. तेथून पुढे सुमारे 2,100 किलोमीटर चालायचे होते. साधारण पाच माणसांमागे एक गाडी आणि प्रौढ माणसामागे कपडे, अंथरूण, भांडी मिळून 17 पौंड, म्हणजे जेमतेम आठ किलो सामान, एवढीच मुभा होती. मिशनच्या नियतकालिकातून या काटकसरीची स्तुती झाली आणि जे मुळात नाइलाजाने ठरले होते ते श्रद्धेची कसोटी म्हणून लोकांपुढे आले.

1856 मधील पहिल्या तीन तुकड्या ऑक्टोबरच्या आरंभापर्यंत सुखरूप पोहोचल्याने योजना सिद्ध झाल्यासारखी वाटली. जेम्स विली आणि एडवर्ड मार्टिन यांच्या शेवटच्या दोन तुकड्यांत मिळून हजाराहून अधिक माणसे होती. त्यांची जहाजे इंग्लंडहून उशिरा निघाली, आयोवात गाड्या तयार नव्हत्या, आणि ओल्या लाकडाच्या घाईने बनवलेल्या गाड्या मैदानातील कोरड्या हवेत आकसून मोडू लागल्या. ऑगस्टमध्ये नेब्रास्कातील फ्लॉरेन्स येथे, हा मार्ग पूर्वी पाहिलेल्या लीवाय सॅव्हेज यांनी विलींच्या तुकडीपुढे स्पष्ट सांगितले की, वृद्ध, स्त्रिया आणि मुले घेऊन इतक्या उशिरा डोंगर ओलांडणे म्हणजे मृत्यू ओढवून घेणे होय. त्यांचे मत नाकारले गेले. तरीही ते त्यांच्याबरोबरच निघाले. 19 ऑक्टोबरला आजच्या वायोमिंगमध्ये हिमवादळाने दोन्ही तुकड्यांना गाठले, तेव्हा शिधा आधीच घटवलेला होता आणि वजन कमी करण्यासाठी मार्टिनच्या लोकांनी अंथरुणेही टाकून दिली होती. दोन्ही तुकड्यांत मिळून 200 हून अधिक माणसे दगावली. या तुकड्या अजून वाटेतच असल्याची बातमी कळताच यंग यांनी 5 ऑक्टोबरला, म्हणजे वादळाच्या दोन आठवडे आधीच, धर्मसभेतून मदतीच्या गाड्या धाडण्याचे आवाहन केले नसते, तर ही संख्या कितीतरी वाढली असती, हेही नोंदवायलाच हवे.

त्यानंतर यंग यांनी दोष उशिरा निघण्याला दिला, योजनेला नाही. याला आधार आहे, कारण पुढच्या पाच तुकड्यांवर असा अनर्थ ओढवला नाही. परंतु उशीर, कच्च्या गाड्या आणि अपुरा शिधा ही ज्या काटकसरीची अपत्ये होती, ती योजनेचा गाभाच होती. 1861 पासून यूटाहूनच बैलगाड्यांचे तांडे मिसूरी नदीपर्यंत जाऊन लोकांना आणू लागले, 1869 मध्ये रेल्वे खंडापार गेली, आणि विसाव्या शतकात पंथाने अनुयायांना आपापल्या देशातच राहून धर्म वाढवण्यास सांगितले.

स्थलांतराचा आदेश असा मावळला, तरी हातगाडीचे महत्त्व वाढतच गेले. सॉल्ट लेक सिटीत तिचे शिल्प उभे आहे आणि मॉर्मन तरुण आजही वायोमिंगच्या माळावर हातगाड्या ओढत जातात. या स्मृतीत सॅव्हेज यांनाही मानाचे स्थान आहे, पण ते मुख्यतः मतभेद बाजूला ठेवून सोबत गेल्याबद्दल. त्यांचा इशारा खरा ठरला होता आणि तो नाकारणाऱ्यांवर त्या मृत्यूंची जबाबदारी येते, या भागाकडे मात्र तेवढ्या आदराने पाहिले जात नाही.