भिंगाच्या अलीकडे

सदाशिव पेठेतल्या आमच्या वेदान्ताच्या वर्गात सध्या 'दृग्दृश्यविवेक' चालू आहे. रूप दृश्य, डोळा द्रष्टा. मग डोळाही दृश्य, मन द्रष्टा. शेवटी उरतो साक्षी, तो कुणालाच दिसत नाही. सगळे माना डोलावतात. मला मात्र मायामीची बनी यीगर आठवते.

ती मॉडेल होती, स्वतःच्या बिकिन्या स्वतः शिवायची. फोटोग्राफी शिकली ती आपल्याच फोटोंच्या प्रती काढण्याचा खर्च वाचावा म्हणून. केवढं घरगुती कारण! १९५४ साली तिनं बेटी पेज या मॉडेलला फोटोसाठी चित्त्यांशेजारी बसवलं. १९५५च्या जानेवारीत तिनं काढलेला बेटीचा फोटो 'प्लेबॉय' मासिकात आला.

आता, द्रष्टा झाल्यावर दृश्यपण गळायला हवं ना? बनीचं गळलं नाही. कॅमेरा लावून ती पुन्हा त्याच्यापुढे जाऊन उभी राहायची. १९६४ साली तर स्वतःचे फोटो कसे काढते यावर तिनं पुस्तकच काढलं. मला यात अज्ञान दिसत नाही. दोन्ही टोकं हातात ठेवण्याची हुशारी दिसते.

गुरुजींना विचारलं. ते चष्मा पुसत म्हणाले, "आणि तो फोटो बघायचं कोण?"

पुरुष, अर्थात. मासिक त्यांचंच होतं. मी गप्प बसले.