अनामिक पूर्वजांचे ऋण

साक्री तालुक्यात कान नदीच्या काठी कावठे हे गाव आहे. पुण्याच्या डेक्कन कॉलेजने येथे केलेल्या उत्खननात सुमारे ४००० वर्षांपूर्वीची वस्ती उजेडात आली. जमिनीत खड्डे खोदून त्यांवर छप्पर घालून राहणाऱ्या त्या लोकांच्या संस्कृतीस तापीकाठच्या सावळदा गावावरून ‘सावळदा संस्कृती’ म्हणतात. या संस्कृतीच्या मृद्भांड्यांवर काळ्या रंगात बाणांची टोके व मासे रेखाटलेले आढळतात.

ती चित्रे काढणाऱ्याचे नाव, भाषा वा दैवत कोणासही ठाऊक नाही. आज त्याच्याशी रक्ताचे नाते कोणी सांगू शकत नाही. तथापि पाणी साठवण्यास भांडे पुरेसे असताना त्यावर मासा काढावा असे त्यास वाटले. गरजेपलीकडचा हा सौंदर्याचा ध्यास आपल्या दारातील रांगोळीतही आहे. नाते जुळते ते येथे. तर्पणविधीत ज्यांच्याशी कोणताही आप्तसंबंध नाही, अशांनाही जलांजली दिली जाते. ऋण केवळ आपल्या कुळापुरते नसते, हाच त्याचा आशय होय.

हे ऋण फेडावे कसे? जुनी वस्तू आवडली म्हणून उचलून नेणे ही आदराची रीत नव्हे. खापर कोणत्या थरात, कशाशेजारी होते यावरून त्याचा काळ व उपयोग कळतो. जागेवरून हलविले की ते मुके होते. भूमीत दडलेले मौल्यवान धन सापडल्यास जिल्हाधिकाऱ्यांस कळवावे, असा १८७८ चा कायदाही आहे.

याच तालुक्यातील बळसाणे येथील प्राचीन मंदिरसमूह पाहताना हाच विचार मनात यावा. त्या शिळा घडविणारे पाथरवटही अनामिकच आहेत. पूजा चालू असलेल्या देवालयात दुरुस्ती अटळ असते व जीर्णोद्धार हे पुण्यकर्म मानले गेले आहे. परंतु कोरीव शिल्पावर तैलरंग चढविला वा जुना शिलालेख सिमेंटखाली गाडला, तर एका दात्याच्या सेवेने पूर्वीच्या दात्याची सेवा पुसली जाते. आपली देणगी पुढील पिढ्यांनी जपावी असे ज्यास वाटते, त्याने आधी मागील पिढ्यांची देणगी जपणे न्याय्य ठरते. काही वेळा हात आवरणे हेच श्रेष्ठ दान असते.