शांततेसाठी न्याय थांबावा का?
27 जुलै 1978 रोजी विधिमंडळाने मराठवाडा विद्यापीठाला डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचे नाव देण्याचा ठराव केला आणि मराठवाडा पेटला. नांदेड जिल्ह्यात दलित वस्त्यांतली घरे जळाली, घरातले वर्षाचे धान्य जळाले; टेंभुर्णीत पोचीराम कांबळे यांची हत्या झाली. ठराव मात्र कागदावरच राहिला, कारण सांगितले गेले शांततेचे. शांततेसाठी न्याय पुढे ढकलणे धर्माला धरून होते का?

‘मराठवाडा’ हे नाव गेले तर मराठवाड्याची अस्मिता जाईल, असे विरोधक म्हणत. पण 1950 मध्ये औरंगाबादेत मिलिंद महाविद्यालय उभारून इथल्या गोरगरिबांना उच्च शिक्षणाची वाट करून देणारा माणूस या मातीला परका कसा? दुसरा आक्षेप अधिक गंभीर आहे: घाईने माणसे मेली असती. जीव वाचवणे हे राज्याचे पहिले कर्तव्य, हे मान्यच. पण माणसे दिरंगाईतही मेली. 1993 मध्ये नांदेडच्या गौतम वाघमारे यांनी नामांतराच्या मागणीसाठी आत्मदहन केले. जाळपोळ करणाऱ्यांच्या भीतीने ठराव थांबला, म्हणजे जाळपोळीलाच फळ मिळाले. 1963 मध्ये बर्मिंगहॅमच्या तुरुंगातून मार्टिन ल्यूथर किंग यांनी हेच बजावले होते: नुसता तणाव नसणे म्हणजे शांतता नव्हे, न्याय असेल तरच ती खरी. शांततेसाठी करुणेचा दाखला दिला, तरी गौतम बुद्धांची करुणाही पीडिताला गप्प बसवत नाही.

अखेर 14 जानेवारी 1994 रोजी नामविस्तार झाला, तोही ‘मराठवाडा’ हा शब्द कायम ठेवून. अस्मिता शाबूत राहिली. जवळपास साडेपंधरा वर्षांचा उशीर अन्यायच होता.